बँड स्वतःची गाणी स्वतःच लिहितात, मग कंसातला हा माणूस कोण?

प्रश्न असा आला आहे: “मी साताऱ्याचा, वय २४. गिटार बरी वाजवतो, चाली सुचतात, पण स्टेजवर उभं राहिलं की हातपाय गार पडतात. दुसऱ्या बँडसाठी गाणी लिहायची, ती बसवून रेकॉर्ड करून द्यायची, असं करिअर असतं का? मला हार्ड रॉकच आवडतं. पण रॉक बँड तर आपली गाणी आपणच लिहितात ना?”

वयाने लहान आहेस म्हणून एकेरीत बोलतो.

तुझ्या शेवटच्या वाक्यापासून सुरुवात करतो. माझाही हाच समज होता. कॉलेजात असताना कॅसेट विकत घेतली की आतला घडीचा कागद मी भिंग लावल्यासारखा वाचायचो. बॉन जोव्हीच्या कॅसेटवर गाण्याच्या नावापुढे कंसात तीन आडनावं होती: बॉन जोव्ही, सॅम्बोरा, चाइल्ड. पहिले दोघे फोटोत दिसत होते, तिसरा नव्हता. पुढे तेच ‘चाइल्ड’ एरोस्मिथच्या कॅसेटवर सापडलं, मग ॲलिस कूपरच्या, मग जोन जेटच्या, आणि एका मित्राकडच्या जुन्या किसच्या कॅसेटवरही. कुणीतरी मॅनेजर टोपणनावाने पैसे खातोय, असं आमच्या ग्रुपमध्ये एकाने छातीठोकपणे सांगितलं होतं आणि आम्ही ते खरंही मानलं होतं.

तो माणूस म्हणजे डेस्मंड चाइल्ड. तुझ्या प्रश्नाचं उत्तर त्याच्या कारकिर्दीतून देतो, कारण स्टेजच्या प्रकाशाबाहेर राहून हार्ड रॉकची गाणी घडवणाऱ्यांमध्ये त्याच्याइतकं उघड उदाहरण दुसरं नाही. शिवाय तो सुरुवातीला तुझ्याच जागी होता, फरक एवढाच की त्याला स्टेज हवं होतं आणि स्टेजला तो तितकासा नको होता.

जन्म १९५३ चा, फ्लोरिडातला. खरं नाव जॉन चार्ल्स बॅरेट. आई एलेना कासाल्स क्यूबाची, स्वतः गाणी लिहिणारी. म्हणजे घरात बोलेरोचं वातावरण, हुंदके देत गायची प्रेमगीतं, आणि घराबाहेर मायामीची गरीब वस्ती. त्याच्या गाण्यांतला अतिरेकी भावुकपणा रॉकमधून आलेला नाही, तो त्या बोलेरोतून आलाय असं मला कायम वाटतं. सत्तरच्या दशकात तो न्यूयॉर्कमध्ये तीन गायिकांबरोबर ‘डेस्मंड चाइल्ड अँड रूज’ नावाचा गट चालवायचा. १९७९ या एकाच वर्षात त्यांचे दोन अल्बम आले. ते फार चालले नाहीत आणि गट फुटला. गायक म्हणून त्याची कथा जवळजवळ तिथेच संपते.

पण त्या गटाची पोस्टरं न्यूयॉर्कभर लागलेली असायची आणि ती किस बँडचा गायक पॉल स्टॅनलीच्या नजरेत भरली. ओळख झाली, दोघं एकत्र बसायला लागले. त्या वेळी डिस्कोची लाट होती आणि असलं गाणं लिहिणं किती सोपं आहे ते दाखवून देऊ, अशा थाटात स्टॅनलीने एक गाणं सुरू केलं. त्यात चाइल्डचा हात लागला, निर्माता विनी पोन्सियाचाही लागला. ‘आय वॉज मेड फॉर लव्हिन यू’ १९७९ च्या ‘डायनॅस्टी’ अल्बमवर आलं आणि अमेरिकेतल्या लोकप्रिय गाण्यांच्या यादीत अकराव्या क्रमांकापर्यंत गेलं. किसचे कट्टर चाहते आजही या गाण्यावरून भांडतात: रंग फासून आग ओकणारा बँड डिस्को कसा वाजवतो म्हणून. ही पहिली खूणगाठ मारून ठेव. बाहेरचा माणूस आत आला की पहिली शिवी त्यालाच बसते, मग गाणं कितीही चालो.

आता मला सगळ्यात जास्त आवडणारा किस्सा. नीट वाच, सगळा धंदा यात आहे.

जिम स्टाइनमन हा निर्माता गायिका बॉनी टायलरचा अल्बम करत होता. त्याला एक गाणं हवं होतं आणि त्याची मागणी चाइल्ड अजून रंगवून सांगतो: विषय असा की बाई पुरुष असती आणि पुरुष बाई असता तर, व्हर्स (म्हणजे अंतरा) टीना टर्नरसारखा, कोरस (म्हणजे मुखडा) ब्रूस स्प्रिंगस्टीनसारखा. आपल्याकडे निर्माते सांगतात ना, “मुखडा कव्वालीसारखा आणि अंतरा थोडा वेस्टर्न द्या”, तसलीच ऑर्डर. अशा ऑर्डरवर नाक मुरडणारे पुष्कळ असतात. चाइल्डने ती शब्दशः पाळली. ‘इफ यू वेअर अ वुमन’ हे गाणं १९८६ मध्ये आलं. फ्रान्समध्ये चाललं, अमेरिकेत मात्र सत्त्याहत्तराव्या क्रमांकावर अडकलं आणि खाली गेलं.

चाइल्ड चिडला. या कोरसच्या चालीत हिट आहे, कंपनीने नीट लावून धरलं नाही, अशी त्याची खात्री होती. याच सुमारास पॉल स्टॅनलीने त्याचं नाव जॉन बॉन जोव्हीला सुचवलं. बॉन जोव्हीचे दोन अल्बम येऊन गेले होते, नाव होतं, पण मोठं गाणं नव्हतं. न्यू जर्सीत बँडचा गिटारवादक रिची सॅम्बोराच्या आईच्या घराच्या तळघरात तिघं बसले. चाइल्ड एक शीर्षक घेऊन गेला होता: ‘यू गिव्ह लव्ह अ बॅड नेम’. ते ऐकून समोरच्यांचे चेहरे उजळले, आणि कोरस बसवताना त्याने बॉनी टायलरला दिलेली तीच चाल पुन्हा काढली.

दोन्ही गाणी लागोपाठ ऐक. कोरसचा सांगाडा तोच आहे. मग एक सत्त्याहत्तराव्या क्रमांकावर का थांबलं आणि दुसरं २९ नोव्हेंबर १९८६ रोजी अमेरिकेत पहिल्या क्रमांकावर का गेलं? कंपनीने किती जोर लावला हा भाग आहेच. पण कानाने बघ. बॉनी टायलरच्या गाण्यात ती चाल एका लांबलचक, अवघडलेल्या कल्पनेवर बसवली आहे. बॉन जोव्हीच्या गाण्यात तीच चाल एका सणसणीत आरोपावर बसली आहे, आणि तो आरोप कुणीही, कुठल्याही भाषेतला माणूस मूठ वळवून ओरडू शकतो. वर गाणं सुरू होतं तेच कोरसच्या ओळीने, वाद्यांशिवाय, नुसत्या आवाजांत. रिफ, म्हणजे गिटारचा परत परत येणारा तुकडा, नंतर येते. मुखडा आधी गळ्यात पडतो आणि मग गिटार. कीर्तनकार बुवा ध्रुवपद आधी सगळ्यांकडून म्हणवून घेतात आणि मग निरूपणाला लागतात, त्यातलाच प्रकार.

याच तळघरातलं दुसरं गाणं ‘लिव्हिन ऑन अ प्रेयर’. त्यातले टॉमी आणि जीना हे आता जगभरच्या लोकांना शेजारी राहिल्यासारखे माहीत आहेत. त्यातली जीना खरी होती. चाइल्डची तेव्हाची मैत्रीण आणि ‘रूज’मधली गायिका मारिया व्हिडाल न्यूयॉर्कमध्ये एका हॉटेलात वेट्रेसचं काम करायची. तिथले सहकारी तिला जीना म्हणायचे, कारण ती त्यांना जीना लोलोब्रिजिदा या इटालियन अभिनेत्रीसारखी दिसायची. चाइल्ड स्वतः टॅक्सी चालवायचा. दोघं कफल्लक, गाण्याच्या नादाला लागलेले. गाण्यातला पुरुष आधी ‘जॉनी’ होता, म्हणजे चाइल्डचं स्वतःचंच जन्मनाव. पण गाणाराच जॉन, तो स्वतःला जॉनी म्हणून तिसऱ्या पुरुषात कसा गाणार? म्हणून टॉमी झाला. आणि टॉमीला गोदीतलं काम आणि संप मिळाला, कारण न्यू जर्सीच्या कामगार पोरांचा बँड होता तो.

काय झालं बघ. टॅक्सीवाला क्यूबन-अमेरिकन गीतकार आणि त्याची वेट्रेस मैत्रीण यांची गोष्ट न्यू जर्सीच्या पोराच्या तोंडी गेली आणि त्याचीच वाटायला लागली. आपलं जगणं वापरायचं, पण त्याच्या अंगावर गाणाऱ्याच्या मापाचा सदरा शिवायचा. मला विचारशील तर पडद्यामागच्या गीतकाराचं खरं कसब हे एवढंच आहे. बाकी कॉर्ड आणि यमकं शिकता येतात.

जॉनला सुरुवातीला ते गाणं फारसं पटलं नव्हतं, हे त्यानेच पुढे सांगितलंय. सॅम्बोरा आणि चाइल्ड अडून बसले. बास बदलला, ताल बदलला, सॅम्बोराने टॉक बॉक्स लावला: गिटारचा आवाज नळीतून तोंडात घेऊन ओठांनी त्याला ‘वाव-वाव’ करायचं यंत्र. आणि शेवटचा कोरस. तो अख्खा दीड सूर वर उचललाय, आणि उचलण्याआधीच्या मात्रांमधली एक मात्रा चक्क खाल्ली आहे. चार मोजता मोजता तीनवरच जमीन सरकते. पहिल्यांदा ऐकणाऱ्याला कळत नाही काय झालं, पण छातीत धस्स होतं. सवय नसलेला ड्रमर तिथे हमखास पडतो. आमच्या स्टुडिओत ऑडिशनला आलेल्या ड्रमरना मी हे गाणं वाजवायला लावायचो, त्यामागे हाच दुष्ट हेतू होता.

फेब्रुवारी १९८७ मध्ये ते पहिल्या क्रमांकावर गेलं आणि चार आठवडे राहिलं.

आता ‘शीर्षक घेऊन गेला’ या गोष्टीकडे परत येऊ. आपल्याकडे भावगीतांच्या काळापासून वाद चालतो: आधी चाल की आधी शब्द? चाइल्डचं उत्तर ठरलेलं होतं, आधी शीर्षक. ही शिस्त त्याला बॉब क्रूने लावली. क्रू म्हणजे साठच्या दशकात फोर सीझन्सची गाणी लिहिणारा आणि करणारा जुना खेळाडू. गट फुटल्यावर चाइल्ड जवळजवळ दोन वर्षं त्याच्या हाताखाली शिकला. गाणं कशाबद्दल आहे हे ठरल्याशिवाय पियानोला हात लावायचा नाही, असा एकूण खाक्या. हार्ड रॉकमध्ये हे अगदी उलटं होतं. तिथे जॅम रूममध्ये रिफ सापडते, तीवर गायक काहीतरी अगम्य बडबडतो, आणि रेकॉर्डिंगच्या आदल्या रात्री त्या बडबडीला शब्द चिकटवले जातात. आपल्या पुण्या-मुंबईच्या बँडचंही असंच चालतं, मी डोळ्यांनी पाहिलंय. रिफ झकास असते आणि गाणं कशाबद्दल आहे विचारलं तर पाचही जण एकमेकांकडे बघतात.

एरोस्मिथचं १९८७ मध्ये हेच झालं होतं. नशापाण्यातून नुकता बाहेर आलेला, दहा वर्षांपूर्वीचा बडा बँड. कंपनीतल्या जॉन कलॉडनरने त्यांच्याकडे चाइल्डला पाठवलं. कलाकार निवडायचे आणि त्यांना कुणाशी जोडून द्यायचं, हे त्याचं कामच होतं. बँडला ते अर्थातच रुचलं नाही. आम्हाला गाणी लिहायला मदतनीस? चाइल्ड पोहोचला तेव्हा बँडचा गायक स्टीव्हन टायलर आणि गिटारवाला जो पेरी एका गाण्यावर काम करत होते आणि त्याचे शब्द अगदीच पाणचट होते, पोरी पटवत फिरण्याबद्दलचे. टायलर सहज बोलून गेला की आधी मी इथे ‘ड्यूड लुक्स लाइक अ लेडी’ असं काहीतरी म्हणत होतो. चाइल्ड ताडकन म्हणाला, तेच गाणं आहे. पण बँडला भीती वाटत होती: समलिंगी लोकांना हे लागलं तर? यावर चाइल्डने सांगितलं की मी स्वतः समलिंगी आहे, आणि मला हे लागलेलं नाही, चला लिहू.

हा प्रसंग मी अनेकांना सांगतो, कारण त्यात दोन गोष्टी एकत्र आहेत. एक म्हणजे कान. बाहेरून आलेल्या माणसाने नवं काही आणलंच नाही. बँडने उकिरड्यावर टाकलेली ओळ त्याने उचलून पुसली. बँडच्या डोक्यात ती कधीपासून होती, फक्त त्यांना तिची किंमत दिसत नव्हती. दुसरी गोष्ट, ऐंशीच्या दशकातला तो केस फुगवलेला, छाती काढून चालणारा पुरुषी रॉक. त्यातली निम्मी गर्जना एका समलिंगी क्यूबन-अमेरिकन माणसाने लिहायला मदत केली होती, आणि बहुतेक ऐकणाऱ्यांना त्याचा पत्ता नव्हता. परका असणं इथे कामी आलं असं मला वाटतं. आतल्या माणसाला जे रोजचं वाटतं, ते परक्याला नाटक म्हणून दिसतं आणि नाटक नीट लिहिता येतं.

ते गाणं चौदाव्या क्रमांकापर्यंत गेलं. त्याच अल्बमवरचं ‘एंजल’, टायलर आणि चाइल्डचं, तिसऱ्यापर्यंत. त्याच अल्बमवर आणखी एक मजा आहे. ‘रॅग डॉल’ हे गाणं आधी ‘रॅग टाइम’ होतं. कंपनीला ते शीर्षक नको होतं, म्हणून हॉली नाइट या गीतलेखिकेला बोलावलं. ‘टाइम’चं ‘डॉल’ केलं, आणि तिचं नाव श्रेयात लागलं. एका शब्दाबद्दल हिस्सा! लोक यावर हसतात. मी हसत नाही. तो शब्द बँडला सुचला नव्हता.

इथे गाणं लिहिणारा आणि निर्माता यांतला फरक सांगतो, कारण तुझ्या प्रश्नात दोन्ही एकत्र झालेत. बॉन जोव्ही आणि एरोस्मिथच्या या दोन्ही अल्बमचा निर्माता चाइल्ड नव्हता. तो ब्रूस फेअरबेर्न, कॅनडातल्या व्हँकुव्हरच्या लिटल माउंटन स्टुडिओतला, मूळचा ट्रम्पेटवादक. आणि बॉन जोव्हीच्या वेळी त्याच्या शेजारी इंजिनियर बॉब रॉक. गीतकाराचं काम खोलीत दोन-तीन माणसांबरोबर संपतं. निर्मात्याचं तिथे सुरू होतं: कुठली गाणी घ्यायची, ठेका किती ठेवायचा, गायकाकडून चाळीसावा टेक कसा काढायचा, बजेट कुठे संपतंय, ड्रमर आणि बासवाला बोलत नाहीत त्याचं काय करायचं. निम्मं काम कानाचं आणि निम्मं घरातल्या थोरल्या काकाचं.

चाइल्डने हे कामही केलं. ॲलिस कूपर १९८९ मध्ये जवळजवळ विस्मरणात गेला होता. अमेरिकेत पहिल्या दहात त्याचं गाणं येऊन बारा वर्षं झाली होती. ‘ट्रॅश’ अल्बमची निर्मिती चाइल्डने केली, ‘पॉयझन’ हे गाणं कूपर आणि गिटारवादक जॉन मॅकरी यांच्याबरोबर लिहिलं, आणि ते अमेरिकेत सातव्या, ब्रिटनमध्ये दुसऱ्या क्रमांकावर गेलं. पाहुणे कोण होते बघ: जॉन बॉन जोव्ही, सॅम्बोरा, एरोस्मिथचे चौघं. ज्यांच्या घरी जाऊन गाणी लिहिली त्यांनाच कूपरच्या घरी जेवायला बोलावलं. या धंद्यात ओळखी अशा फिरतात.

पण निर्माता म्हणून तो त्या काळातला सर्वश्रेष्ठ होता असं मी म्हणणार नाही. तो मान मट लँगचा. झांबियात जन्मलेला, दक्षिण आफ्रिकेत वाढलेला, मुलाखती जवळजवळ न देणारा माणूस. एसी/डीसीचा ‘बॅक इन ब्लॅक’ करणारा हाच, आणि डेफ लेपर्डच्या ‘हिस्टेरिया’ची गाणी बँडबरोबर लिहून, आवाजांवर आवाज चढवून, वर्षानुवर्षं घासणाराही हाच. लँग स्टुडिओत गाणं बांधायचा, सोनारासारखं. चाइल्ड पेटी घेऊन बसलेल्या जुन्या संगीतकारासारखा: गाणं पेटीवर उभं राहिलं नाही, तर पुढे कितीही ट्रॅक चढवा, त्याला ते खोटं वाटायचं. तुझा पिंड यातला कुठला हे तूच ओळख. दोन्ही अर्धे अर्धे जमवायला गेलास तर दहा वर्षं जातात. माझी गेली.

पैशांचं विचारलं नाहीस, पण मनात असणारच. १९८६ साली अमेरिकेत विकल्या गेलेल्या प्रत्येक प्रतीमागे एका गाण्याला लेखनाचे पाच सेंट असा कायद्याने ठरलेला दर होता. बॉन जोव्हीचा तो अल्बम, ‘स्लिपरी व्हेन वेट’, अमेरिकेत एक कोटीच्या वर खपला आणि त्यातल्या दहापैकी चार गाण्यांत चाइल्डचं नाव आहे. समज, तिघांत समान वाटणी. एक कोटी प्रती, चार गाणी, पाच सेंट, त्याचा तिसरा हिस्सा: साडेसहा लाख डॉलरच्या वर. यातून प्रकाशन कंपनीचा वाटा जातो, आणि बँडच्या करारांत दर कमी करणारी कलमं असतात, म्हणून हातात किती पडले हा हिशेब वेगळा. पण आकड्याची जात तुला कळली. शिवाय अमेरिकेत रेडिओवर गाणं वाजलं की पैसे गाणं लिहिणाऱ्याला मिळतात. गाणाऱ्याला आणि रेकॉर्ड कंपनीला साध्या एफएमकडून काहीच मिळत नाही. त्यामुळे स्टेजवर घामाघूम झालेला ड्रमर आणि घरी चहा पीत बसलेला तिसरा माणूस यांच्यात तीस वर्षांनी कोण सुखी असतो, हे सांगायला नको. जोन जेटबरोबर लिहिलेल्या ‘आय हेट मायसेल्फ फॉर लव्हिंग यू’चंच बघ. १९८८ मध्ये ते आठव्या क्रमांकापर्यंत गेलं. पुढे २००६ पासून त्याचीच चाल, शब्द बदलून, तिथल्या रविवार रात्रीच्या अमेरिकन फुटबॉल प्रक्षेपणाचं शीर्षकगीत झाली, मधली काही वर्षं सोडून. दर रविवारी, सीझनभर.

आपल्याकडे हे गणित बराच काळ नव्हतंच. एकदा मानधन घेतलं की विषय मिटला, असंच चालायचं. २०१२ च्या कॉपीराइट कायद्यातल्या दुरुस्तीनंतर गीतकार-संगीतकाराचा रॉयल्टीचा हक्क सहीने सोडून देता येत नाही. तरी कागद लागतोच. मी तिशीत असताना एका बँडच्या जॅम रूममध्ये बसून त्यांच्या एका गाण्याचा अख्खा कोरस दिला होता: शीर्षक, चाल, वरच्या पट्टीतला दुसरा आवाज, सगळं. मैत्री होती, चहा-वडापाव चालू होता, कुणी काही लिहून घेतलं नाही. अल्बम आला तेव्हा आभारात माझं नाव होतं, ‘मॉरल सपोर्ट’ या मथळ्याखाली. बँडचं नाव सांगत नाही. चूक त्यांच्याइतकीच माझी. त्या दिवसापासून गाणं पूर्ण झालं की खोलीतून बाहेर पडायच्या आधी एका कागदावर कुणाचा किती टक्के हिस्सा ते लिहितो आणि सगळ्यांच्या सह्या घेतो. पहिल्यांदा सगळे ओशाळतात. दुसऱ्यांदा आपणहून पेन पुढे करतात.

या सगळ्याला दुसरी बाजू आहे. ऐंशीच्या दशकाच्या शेवटी चाइल्डचं नाव इतक्या ठिकाणी दिसू लागलं की सगळी गाणी एकाच साच्यातली वाटायला लागली. दबक्या सुरात सुरू होणारा व्हर्स, चढत जाणारी मधली ओळ, आणि मग मूठ आवळून सगळ्यांनी मिळून म्हणायचं शीर्षक. टीका खोटी नव्हती. कुठल्याही बँडला हिट हवा झाला की कंपनीवाले त्यालाच फोन लावायचे आणि बँडचा स्वतःचा तिरकेपणा घासून गुळगुळीत व्हायचा. १९९१ ला सिॲटलहून निर्वाणा हा बँड आला, आणि फुगवलेले केस, मोठे कोरस, चमकदार आवाज हे सगळं एका हिवाळ्यात जुनं झालं. त्याच वर्षी चाइल्डने स्वतःच्या नावाचा अल्बम काढला, ‘डिसिप्लिन’. म्हणजे पडद्यामागचा यशस्वी माणूसही एकदा पुढे येऊन बघतोच. त्यातून तो स्टार झाला नाही.

पुढचं थोडक्यात सांगतो, कारण ते हार्ड रॉकच्या बाहेरचं आहे. तो मायामीला परतला आणि आईच्या भाषेकडे वळला. १९९८ च्या फुटबॉल विश्वचषकाचं, रिकी मार्टिनने गायलेलं ‘द कप ऑफ लाइफ’ आपल्या गल्लीबोळांत, गणपतीच्या मांडवातसुद्धा वाजलंय, तुझ्या जन्माच्या आधी. ते रॉबी रोसाबरोबर चाइल्डचंच. त्याच जोडीचं १९९९ चं ‘लिव्हिन ला व्हिडा लोका’ टेपशिवाय, पूर्णपणे संगणकावर प्रो टूल्समध्ये रेकॉर्ड आणि मिक्स झालेलं अमेरिकेतलं पहिलं अव्वल गाणं म्हणून आम्हा स्टुडिओवाल्यांत ओळखलं जातं. मुंबईत त्या वेळी “संगणकावर खरा आवाज येत नाही” म्हणणारे अनेक ज्येष्ठ होते. त्यांना हे गाणं लावून दाखवायचं, एवढा सोपा प्रतिवाद मला पुन्हा कधी मिळाला नाही.

आणि बॉन जोव्ही? त्यांनी २००० मध्ये ‘इट्स माय लाइफ’ मॅक्स मार्टिन या स्वीडिश माणसाबरोबर लिहिलं. त्यातही टॉमी आणि जीना येऊन जातात. खुर्ची तीच, तिच्यात बसणारा बदलला. मार्टिनही मुळात एका हार्ड रॉक बँडचा गायक होता, हे कळल्यावर मला मुळीच आश्चर्य वाटलं नाही.

तर आता तुझं. करिअर असतं का? असतं, पण ‘गाणी लिहून देतो, घ्या’ असं नसतं. पेन ड्राइव्हवर वीस डेमो भरून बँडना पाठवलेस तर एकही उघडला जाणार नाही. मीही उघडत नाही. हार्ड रॉक बँडला तयार गाणं विकत घेणं अपमानाचं वाटतं, आणि त्यांच्या जागी तुलाही वाटलं असतं. शिरायची वाट खोलीतून आहे. सातारा-पुण्यात जे बँड आज स्वतःची गाणी वाजवतात त्यांच्यातला एक निवड, ज्याची रिफ चांगली आहे आणि शब्द टाकाऊ आहेत. तसले भरपूर सापडतील. त्यांच्या सरावाला नुसता जाऊन बस. महिनाभर काही सुचवू नकोस. गायक दोन गाण्यांच्या मध्ये काय बडबडतो, कशावर चिडतो, घरचं काय सांगतो ते ऐक. वहीत शीर्षकं लिही, फक्त शीर्षकं, मराठीत असोत की इंग्रजीत. पन्नास झाली की त्यातली अठ्ठेचाळीस फेक आणि उरलेली दोन घेऊन एखाद्या संध्याकाळी गायक आणि गिटारवाला, दोघंच असताना जा.

पाचही जण असताना जाऊ नकोस. पाच जणांच्या खोलीत गाणं होत नाही, चर्चा होते.

आणि स्टेजची भीती लपवू नकोस, पण तिचं भांडवलही करू नकोस. “मी स्टेजवर येणार नाही, मला तुमच्या फोटोत यायचं नाही” हे एक वाक्य ऐकलं की गायकाच्या खांद्यावरचा अर्धा ताण उतरतो. त्याला स्पर्धक नको असतो. ऐकणारा हवा असतो, आणि उरलेली दीड ओळ पूर्ण करणारा.

जाता जाता बॉनी टायलरच्या त्या चालीचं पुढे काय झालं ते सांगतो. २०२० मध्ये अवा मॅक्स नावाच्या तरुण गायिकेचं ‘किंग्ज अँड क्वीन्स’ आलं. नाचाचं गाणं, सगळं सिंथेसायझरवर. माझी मुलगी ते मोठ्याने लावून फिरत होती. मी स्वयंपाकघरातून ओरडून विचारलं, “हे बॉन जोव्हीचं कुणी गायलंय?” तिने आधी बॉन जोव्ही कोण ते विचारलं, मग फोनवर श्रेयनामावली काढली आणि वाचून दाखवली. बरीच नावं होती. त्यात एक होतं, डेस्मंड चाइल्ड.